नाही म्हणता येणारं गाव

समजा, कोथरूडहून चौघं मित्र शनिवारी पहाटे गाडी काढतात. चांदणी चौकाजवळ पेट्रोल भरतात, घाटाच्या अलीकडे मिसळ खातात. एका ट्रेकिंग ग्रुपकडे माणशी पैसे आधीच ऑनलाइन भरलेले असतात. गावात पोचल्यावर दुपारचं जेवण, संध्याकाळचा चहा, रात्री पुन्हा जेवण आणि कुणाच्या तरी शेतात लावलेल्या तंबूत झोप. रविवारी दुपारी परत. या चौघांच्या खिशातून निघालेल्या पैशांपैकी त्या गावात किती राहिले?

माझं काम हिशेबाचं आहे. पुण्याच्या पश्चिमेकडच्या डोंगरातल्या महिला बचत गटांच्या वह्या नीट लागाव्यात म्हणून मी तिकडे जाते. पूर्वी या वह्यांत कर्ज, हप्ता, दंड, शेळ्या आणि मसाला कांडप एवढंच असायचं. आता बऱ्याच वह्यांत पर्यटकांचं वेगळं खातं उघडलंय. त्यात मला बहुतेक वेळा दोनच ओळी दिसतात, ताटांचे पैसे आणि पार्किंगचे पैसे. पेट्रोल, नाश्ता, ग्रुपची फी, तंबूचं भाडं हे सगळं शहरात किंवा वाटेत थांबतं. गावापर्यंत पोचतो तो भाकरीचा भाव. आणि कचरा पूर्णच्या पूर्ण पोचतो.

हे मी पुणेकरांना दोष द्यायला लिहीत नाही. या शहराचं डोंगरांवर खरं प्रेम आहे. इथे आजोबा नातवाला बोट धरून सिंहगड चढवतात, आणि राजगड-तोरणा एका दमात करणं हा कॉलेजच्या वयातला जवळजवळ संस्कार असतो. जुलै २०२५ मध्ये 'मराठा लष्करी भूप्रदेश' या नावाने बारा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले. त्यातले शिवनेरी, लोहगड आणि राजगड हे तीन एकट्या पुणे जिल्ह्यातले. त्या दिवशी आमच्या सोसायटीत लोकांनी पेढे वाटले, मीही खाल्ले. मग मनात गुंजवणे, पाली, लोहगडवाडी ही पायथ्याची गावं आली. यादीत नाव आलं की माणसं येणार. येणाऱ्यांची सोय करायला ही गावं किती तयार आहेत, एवढाच प्रश्न सगळे विचारतात. येणाऱ्यांबद्दल काही ठरवायला ती किती मोकळी आहेत, हे कुणी विचारत नाही. माझं सगळं म्हणणं या दुसऱ्या प्रश्नाभोवती आहे.

गावांना पर्यटनासाठी तयार करायचं म्हणून जी शिबिरं होतात त्यांतल्या काहींना मी कोपऱ्यात बसून हजर राहिले आहे. समाजमंदिरात फ्लेक्स लागतो. पाहुण्यांचं स्वागत कसं करावं, टॉवेलची घडी कशी घालावी, ताट कसं सजवावं, फोनवर कसं बोलावं हे शिकवलं जातं. शेवटी प्रमाणपत्रं आणि फोटो. शिकवणारे मनापासून शिकवतात, यात शंका नाही. पण समोर बसलेल्या बायकांनी गावच्या जत्रेत शेकडो माणसांच्या पंगती उठवलेल्या असतात. दारात आलेल्याला पाण्याचा तांब्या देण्याआधी काही विचारू नये, हे त्यांना सासरी आल्याच्या पहिल्या दिवसापासून माहीत असतं. आदरातिथ्य त्यांच्याकडे पुष्कळ आहे, आपल्यालाच त्यांच्याकडून शिकता येईल इतकं. त्यांचे प्रश्न वेगळे असतात आणि ते शिबिर संपल्यावर, चहाच्या वेळी बाहेर पडतात.

"ताई, पोरं पिऊन आली तर त्यांना काढायचं कसं? घरात सुना-पोरी असत्यात."

"त्या ग्रुपवाल्यानं मागच्या पावसाळ्याचं पैसं अजून दिलं नाहीत. त्याच्यावर कागद कुठला करायचा?"

"आम्ही दोन खोल्या बांधल्या आणि उद्या फॉरेस्टनं वाट बंद केली तर हप्ता कुणी भरायचा?"

"मे महिन्यात आमालाच पाणी नसतंय. पाहुण्याला आंघोळीला बादली कुठून द्यायची?"

मला वाटतं, खरा अभ्यासक्रम हाच आहे. नकार कसा द्यायचा, आगाऊ रक्कम कशी घ्यायची, करार कसा लिहायचा, बंद हंगामासाठी शिल्लक कशी ठेवायची, आणि पाण्याच्या मोजमापावरून पाहुण्यांची संख्या कशी ठरवायची. यातलं काही फ्लेक्सवर शोभून दिसत नाही, म्हणून बहुधा ते मागे पडतं.

हे कुठे जमलं का, असं विचारलं की मी आधी वेळासचं नाव घेते. रत्नागिरी जिल्ह्यातल्या मंडणगड तालुक्यातलं, नाना फडणविसांचं म्हणून पुण्याला जुन्या ओळखीचं गाव. तिथल्या किनाऱ्यावर ऑलिव्ह रिडले कासवं अंडी घालतात. पूर्वी ही अंडी माणसं आणि कोल्ही-कुत्री उकरून नेत. २००२ पासून चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेने गावकऱ्यांना घेऊन घरटी राखायला सुरुवात केली, आणि २००६ पासून कासव महोत्सव सुरू झाला. मला यात सर्वांत महत्त्वाची वाटते ती मधली चार वर्षं. आधी राखण झाली, पाहुणे मागून आले. तोवर गावात अशी माणसं तयार झाली होती की ज्यांना घरटं कुठे आहे, पिल्लं केव्हा बाहेर पडतील, माणसांनी किती अंतरावर उभं राहायचं हे पाठ होतं. पाहुणा आला तेव्हा किनाऱ्यावर त्याला नियम सांगणारा माणूस गावचाच होता, आणि त्याच्या शब्दाला वजन होतं. मुक्काम गावातल्या घरांत, जेवण घरातल्यांसारखंच. किनाऱ्यावर रिसॉर्ट उभं करून कासवं दाखवता आली नसती, कारण कासवाला अंधार लागतो. दिव्यांनी पिल्लं भरकटतात. गावाची साधी राहणी हीच तिथल्या व्यवसायाची अट होऊन बसली.

काजव्यांचंही तसंच आहे. मे महिन्याचा शेवट ते जूनचा मध्य, पावसाच्या आधीच्या दमट रात्री. नर चमकून साद घालतात, माद्या चमकून उत्तर देतात, आणि हिरडा-बेहड्याची झाडंच्या झाडं एका तालात उजळतात-विझतात. हा त्यांचा विणीचा काळ. गाडीचे हेडलाइट, मोबाइलची बॅटरी, कॅमेऱ्याचा फ्लॅश मध्ये आला की साद-प्रतिसाद तुटतो. काजव्यांच्या अळ्या ओल्या मातीत गोगलगायी खाऊन वाढतात, म्हणजे जमीन तुडवली की पुढच्या वर्षाचे काजवे गेले. राजमाचीच्या वाटेवर हंगामातल्या शनिवारी रात्री गाड्यांची रांग पाहिली की पोटात कालवतं. अकोले तालुक्यातलं पुरुषवाडी त्याच काजव्यांवर गेली कित्येक वर्षं पर्यटन चालवतंय, पण गावाच्या समितीमार्फत. पाहुणे घरांमध्ये पाळीने वाटले जातात, वाट दाखवायला गावातली माणसं असतात आणि गावाच्या सामायिक निधीसाठी वाटा बाजूला निघतो. काजवे दोन्हीकडे तेच. पाहुण्याच्या पुढे कोण चालतं, यात फरक आहे.

पाळीवर थोडं थांबते, कारण इथे मला फार आशा दिसते. होमस्टे सुरू झालेल्या गावांत पहिलं भांडण हमखास एकाच कारणावरून होतं. रस्त्याकाठच्या घराला सगळे पाहुणे मिळतात आणि वरच्या आळीला एकही नाही. ज्याच्याकडे फरशी आणि कमोड आहे तो पुढे जातो, सारवलेलं घर मागे राहतं. दोन वर्षांत गाव दुभंगतं. बाहेरून आलेला सल्लागार त्यावर बुकिंगचं सॉफ्टवेअर सुचवतो. पण आंबेगाव-जुन्नरच्या पश्चिम पट्ट्यात महादेव कोळी समाजात पडकई आहे. डोंगरउतारावर भातखाचरं काढायची तर एका घराला ते झेपत नाही, म्हणून काही घरं एकत्र येतात, आज तुझ्या जमिनीत, उद्या माझ्या. कोण किती दिवस आलं, कुणाचं देणं राहिलं, हे सगळ्यांच्या लक्षात असतं. आजारी माणसाच्या घराचा दिवस कसा भरून काढायचा, याचेही रिवाज आहेत. पाळी, वाटा, देणं, सूट, सगळं यात आधीच आहे. एका बैठकीत मी पाहुण्यांच्या पाळीचा तक्ता मांडून बसले होते. एक मावशी म्हणाल्या, "ही तर पडकईच झाली की." आणि पुढचा सगळा तक्ता त्यांनीच सांगितला. विधवेच्या घराला दोन पाळ्या, बाळंतीण असलेल्या घराला सुट्टी पण तिचा वाटा कायम, स्वयंपाकाचं जमत नसेल त्या घराने वाटाड्या द्यायचा. हे मला सुचलं नसतं. कुठल्या मॅन्युअलमध्येही मी ते वाचलेलं नाही.

साताऱ्याजवळच्या कासच्या पठाराचा अनुभव मला म्हणूनच विचार करायला लावतो. तिथे वन विभाग आणि गावकरी यांच्या संयुक्त वन व्यवस्थापन समित्यांमार्फत शुल्क घेतलं जातं, दिवसाला तीन हजारांची मर्यादा आहे, ऑनलाइन नोंदणी आहे, आसपासच्या गावांतल्या तरुणांना हंगामात काम मिळतं. २०१२ साली पश्चिम घाटातल्या ज्या ३९ जागा जागतिक वारसा ठरल्या त्यांत कास आहे. एवढ्या नाजूक जागेला आकड्याची मर्यादा हवीच. जांभ्या खडकावर जेमतेम बोटभर माती, त्यात सगळी फुलं. पण मध्ये तिथे कुंपण घातलं गेलं, गुरांचं चरणं थांबलं, आणि गवत माजून फुलं मागे हटतायत असं स्थानिक लोक आणि काही अभ्यासक सांगू लागले. पिढ्यान्‌पिढ्या त्या पठारावर गुरं नेणाऱ्यांना गवताचं आणि फुलांचं नातं ठाऊक होतं. समितीत बसणं आणि आपल्या माहितीला समितीत किंमत असणं, यांत अंतर राहतं.

आणि सिंहगड. घाटात गाड्यांकडून घेतलं जाणारं उपद्रव शुल्क स्थानिक वन समितीमार्फत गोळा होतं, ही व्यवस्था चांगली आहे. वरची पिठलं-भाकरी, मडक्यातलं दही, ताक, कांदाभजी याशिवाय पुणेकराचा सिंहगड पूर्ण होत नाही. आतकरवाडीच्या वाटेने डोक्यावर ओझं घेऊन रोज गड चढणाऱ्या बायकांना मी लहानपणापासून बघते आहे. पण मोठे निर्णय होतात तेव्हा त्या कुठे असतात? मे २०२२ मध्ये गडावर खासगी गाड्या बंद करून ई-बस सुरू झाली. कल्पना चांगली होती. घाटाची वळणं, चार्जिंग, गर्दी यांत काही आठवड्यांतच ती थांबली. त्या रस्त्यावर वर्षानुवर्षं जीप चालवणाऱ्यांना वळण न्‌ वळण पाठ आहे, त्यांना आधी सोबत घेतलं असतं तर कदाचित ती टिकली असती. आता सिंहगड-राजगडाच्या रोपवेची चर्चा असते. रोपवे आला तर पायथ्याच्या वाडीतून चढणारी माणसं वरच्या वर जातील. मग वाडीतल्या चहाच्या टपरीचं आणि वाटाड्याचं काय, हा प्रश्न प्रकल्पाच्या अहवालात पहिल्या पानावर असायला हवा.

पावसाळ्याचा विषय मला लिहायला जड जातो. ३० जून २०२४ ला लोणावळ्यात भुशी धरणामागच्या धबधब्यात एकाच कुटुंबातली पाच माणसं वाहून गेली. १५ जून २०२५ ला कुंडमळ्याला इंद्रायणीवरचा जुना लोखंडी पूल रविवारच्या गर्दीत कोसळला, चार जण गेले. अशा प्रत्येक घटनेनंतर बंदीचे आदेश निघतात आणि ते निघायलाच हवेत. जीव गेल्यावर दुसरं काय करणार? पण बंदी आली की मक्याची कणसं भाजणारी बाई, वडापावची गाडी, पार्किंगची पावती फाडणारा मुलगा यांचा अख्खा वर्षाचा हंगाम जातो, आणि पुढच्या वर्षी बंदी उठली की तीच गर्दी तशीच परत येते. मधल्या काळात काहीच बदललेलं नसतं. पाणी केव्हा चढतं, कुठल्या दगडावर शेवाळ असतं, वर पाऊस झाला की खाली किती वेळात लोंढा येतो, हे त्या गावातल्या गुराख्याला कळतं. त्याच्या हातात शिट्टी, दोर, जीवरक्षक जॅकेट आणि माणसांना परत पाठवण्याचा अधिकार द्यायला काय हरकत आहे? लोणावळ्याच्या शिवदुर्ग मित्रची पथकं कितीतरी वर्षं दऱ्याखोऱ्यांतून माणसं बाहेर काढतायत, स्थानिक मुलं हे किती उत्तम करतात त्याचा पुरावा समोर आहे. अपघात झाल्यावर ज्यांना आपण पहाटे तीनला उठवतो, त्यांनाच अपघाताआधी वाट अडवता यावी, एवढंच मागणं आहे.

जमिनीचा प्रश्न याच्याही आधीचा. मुळशी-मावळात फिरताना रस्त्याच्या दोन्ही बाजूंना कुंपणं दिसतात, आत बंगले. ज्याच्या वडिलांनी तो तुकडा विकला तो मुलगा आज त्याच फाटकावर वॉचमन आहे, असं एक तरी घर तिकडच्या प्रत्येक गावात मला माहीत आहे. जमीन गेलेल्या गावाला पर्यटन शिकवणं म्हणजे त्याला चांगला नोकर व्हायला शिकवणं, इतकं मी स्पष्ट म्हणेन. पवना धरणाच्या काठावर तंबूंच्या रांगा लागतात. त्यांतले काही स्थानिकांचे, बरेचसे भाड्याच्या जमिनीवर बाहेरच्यांचे. धरणात जमिनी गेलेल्यांतल्या अनेकांचं पुनर्वसन अजून रखडलेलं आहे, आणि तेच धरण पिंपरी-चिंचवडला पिण्याचं पाणी देतं. काठावरच्या संडासांची घाण कुठे जाते, हा म्हणून फक्त त्या गावांचा प्रश्न उरत नाही.

पाण्याचं तर डोळ्यांनी बघूनही खरं वाटत नाही. घाटमाथ्यावर वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि एप्रिल-मेमध्ये तिथल्याच बायका झऱ्यावर वाटीने पाणी भरत बसतात. सगळं पाणी खाली धरणांत येतं आणि धरणांतून आपल्या नळाला. काजव्यांचा हंगाम नेमका याच टंचाईच्या दिवसांत येतो. पाहुण्याची एक आंघोळ म्हणजे कुणाच्या तरी दोन खेपा. एका गटाने यावर स्वतःच तोडगा काढला: मे-जूनच्या पाहुण्यांना आंघोळीचं पाणी मिळणार नाही, हात-तोंड धुण्यापुरतं मिळेल, आणि हे पैसे भरण्याआधीच सांगायचं. त्यामुळे काही लोक येणार नाहीत, हे त्यांनी मोजून धरलं.

योजना नाहीत असं नाही. राज्याचं कृषी पर्यटन धोरण २०२० मध्ये आलं. त्याच्या कितीतरी आधी बारामतीजवळच्या पळशीवाडीत शेतावरच्या पर्यटनाचा प्रयोग उभा राहिला होता. २०२३ च्या 'आई' धोरणात पर्यटनात उतरणाऱ्या बायकांच्या १५ लाखांपर्यंतच्या कर्जाचं व्याज ठरावीक मर्यादेपर्यंत सरकार परत देतं. ही फार मोलाची गोष्ट आहे. पण बँकेच्या टेबलावर पहिला प्रश्न सातबाऱ्याचा येतो, आणि माझ्या गटांतल्या बहुतेकींचं नाव सातबाऱ्यावर नाही. म्हणून अलीकडे मी हिशेबाच्या वह्यांबरोबर लक्ष्मी मुक्तीचे अर्ज नेते. नवऱ्याने अर्ज केला की बायकोचं नाव सहहिस्सेदार म्हणून सातबाऱ्यावर लागू शकतं, ही सोय १९९२ पासून आहे. तलाठ्याकडे खेटे घालायला लागतात, घरात समजूत काढावी लागते. एका काकांनी सही केली तेव्हा त्यांच्या सुनेने मला फोन करून सांगितलं, इतका तो मोठा प्रसंग होता. पर्यटन प्रशिक्षणाच्या यादीत या अर्जाला कुणी जागा देत नाही, मी मात्र तो सगळ्यात वर ठेवेन.

तसंच ग्रामसभेचं. आंबेगाव-जुन्नरची पश्चिमेकडची आदिवासी गावं १९९६ च्या पेसा कायद्याखाली, म्हणजे अनुसूचित क्षेत्रातल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या कायद्याखाली, येतात. २००६ च्या वनहक्क कायद्याने सामूहिक हक्क मिळालेल्या ग्रामसभेला आपलं जंगल राखण्याचा अधिकार आहे. म्हणजे किती माणसं यावीत, कुठल्या वाटेने जावीत, देवराईत चपला घालून जायचं की नाही, हे ठरवायला गावाला कायद्याचा आधार मिळू शकतो. हे कलम दोन बायकांना मोठ्याने वाचता येणं आणि ग्रामसेवकासमोर ठराव शब्दशः लिहून घेता येणं, यात माझ्या मते टॉवेलच्या घड्यांपेक्षा कितीतरी अधिक ताकद आहे.

सध्या मी ज्या गटाबरोबर आहे त्यांनी गेल्या हिवाळ्यात नियमांचं एक पान लिहिलं. रात्रीचे वीस पाहुणे, त्यावर नाही. निम्मे पैसे आगाऊ, गटाच्या खात्यात. दारू नाही, स्पीकर नाही. कचरा ज्याचा त्याने परत न्यायचा. शंभरातले दहा रुपये गावाच्या निधीला, आणि तो निधी आधी झऱ्याच्या कुंडीच्या दुरुस्तीला. मध्यंतरी शहरातल्या एका आयोजकाचा फोन आला, जूनच्या पहिल्या शनिवारी साठ माणसं आणतो म्हणाला, दरही चांगला सांगितला. गटाच्या अध्यक्षताईंनी वीसच म्हणून सांगितलं. त्याने चाळीसवर येऊन पाहिलं. त्या वीसवरच राहिल्या. त्याने पुन्हा फोन केलेला नाही, आणि त्यावरून गटात जोरदार वाद चालू आहे. तिघींचं म्हणणं, पहिल्याच वर्षी तीस घ्यायला हवे होते, गाद्यांचं कर्ज कसं फिटणार? बाकीच्यांचं म्हणणं, एकदा तीस केले की पुढे कुणीच वीस मानणार नाही. मी अध्यक्षताईंच्या बाजूची आहे, पण माझं मत त्यात धरलं जात नाही आणि धरलं जाऊ नये. अक्षय्य तृतीयेच्या आधी पुन्हा बैठक आहे. तोवर वीस पाहुण्यांत गाद्यांचा हप्ता कसा बसतो याचा तक्ता मला करून द्यायचा आहे. त्यांनी तीस पाहुण्यांचाही मागितलाय, झऱ्याच्या पाण्याचा हिशेब शेजारी मांडून.